‘मुकी मोलकरीण’ नव्हे, इर्म हेरमान

महोदय,

आपल्या रविवार पुरवणीत युद्धोत्तर जर्मन सिनेमावर आलेला लेख वाचला. दिग्दर्शक फासबिंडर आणि त्याच्या नट्या हाना शिगुला, मार्गिट कार्स्टेनसेन यांच्याबद्दल लेखकाने जीव ओतून लिहिलं आहे. आमची हरकत फक्त दोन शब्दांना आहे. फासबिंडरच्या ‘पेट्रा फॉन कांटचे कडू अश्रू’ (1972) या चित्रपटात नायिका पेट्राकडे काम करणाऱ्या मार्लेनचा उल्लेख लेखात ‘मुकी मोलकरीण’ असा येतो, आणि ती भूमिका करणाऱ्या नटीचं नाव कुठेच येत नाही. तिचं नाव इर्म हेरमान. चित्रपट पुन्हा पाहणाऱ्यांच्या आणि मंडळांतून तो दाखवणाऱ्यांच्या उपयोगी पडावं म्हणून हे सविस्तर पत्र.

मार्लेन मुकी नाही. ती बोलत नाही. या दोन गोष्टींत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. 124 मिनिटांत तिच्या तोंडी एकही संवाद नाही, पण तिला ऐकू येतं आणि सगळं कळतं. पेट्राच सांगते की मार्लेन सगळं ऐकते, पाहते, जाणते, तिच्यासमोर बोलताना भीड बाळगायचं कारण नाही. चित्रपटाच्या शेवटी पेट्रा तिला प्रथमच बरोबरीने वागवायला निघते आणि म्हणते, तुझ्या आयुष्याबद्दल मला सांग. मार्लेन मुकी असती तर हा प्रश्न म्हणजे निव्वळ क्रूर थट्टा ठरली असती. ती बोलू शकते आणि तरीही बोलत नाही, म्हणून त्या प्रश्नाला वजन आहे. ‘मुकी’ म्हटलं की सगळा शेवटच हातातून निसटतो.

‘मोलकरीण’ हा शब्दही तोकडा आहे. पेट्रा फॅशन डिझायनर आहे आणि तिचं घर हीच तिची कार्यशाळा. त्या घरात पडदे उघडणं, ट्रे आणणं, दार उघडणं ही कामं मार्लेन करतेच, पण पत्रंही तीच टाइप करते, आणि ड्रेसची रेखाटनं काढत मागच्या टेबलाशी उभी असते तीही तीच. पेट्राच्या नावावर जे काम बाहेर जातं ते प्रत्यक्षात कुणाच्या हातून होतं, हे चित्रपट शब्दांत सांगत नाही, पार्श्वभूमीला सतत दाखवत राहतो. पुढे बायका प्रेमाबद्दल बोलत असतात आणि मागे काम चाललेलं असतं.

हे सगळं हेरमान यांनी कशातून उभं केलं? पाठीतून आणि हातांतून. अंगात काळा पोशाख, पाठ ताठ, मान किंचित पुढे. पेट्राचा आवाज चढतो, ती रडते, ओरडते, पण मार्लेनच्या चालण्याची लय बहुतेक प्रसंगांत तीच राहते. आपल्या नाटकवाल्यांच्या भाषेत सांगायचं तर बेअरिंग कुठेही सुटत नाही. संवाद नसलेल्या नटाची नेहमीची चूक म्हणजे चेहऱ्याने भरपाई करणं: भुवया, ओठ, मोठे केलेले डोळे. हेरमान ते जवळजवळ काहीच करत नाहीत. एका प्रसंगी ती काचेपलीकडे उभी असते, तळवा काचेवर टेकलेला, नजर आतल्या खोलीकडे. कॅमेरा तिच्याकडे जातो आणि थांबतो. चेहरा स्थिर असतो, फक्त तळव्याचा दाब जाणवतो. सुरुवातीला पेट्रा ‘प्लॅटर्स’ या अमेरिकन गायकवृंदाची रेकॉर्ड लावून तिच्याबरोबर नाचते, तिथेही हेच. मार्लेन पेट्राच्या हातांत असते आणि तिचं अंग तरीही सैल पडत नाही. जवळ घेतल्याचा आनंद आणि पुढच्या हुकमाची वाट, दोन्ही त्या ताठ खांद्यांत दिसतात.

आणि टाइपरायटर. तो मार्लेनचा आवाज आहे. समोर दोघी बोलत असतात आणि मागून कळांचा खडखडाट येत असतो. तो कधी सुरू होतो, कधी थांबतो, हे कान देऊन ऐकावं. कळा थांबल्या म्हणजे ती ऐकते आहे. त्या यंत्रावर इतकी सहज बसणारी ही बाई खऱ्या आयुष्यातही सेक्रेटरी होती, हे इथे सांगायला हवं.

इर्म हेरमान यांचा जन्म म्युनिकचा, 4 ऑक्टोबर 1942. त्या एका मोटारचालक संघटनेत सेक्रेटरी म्हणून नोकरी करत होत्या. 1966 मध्ये फासबिंडरशी ओळख झाली आणि त्याच वर्षी त्याच्या पहिल्या लघुपटांपैकी एकात त्या दिसल्या. अभिनयाचं रीतसर शिक्षण नाही. पुढे म्युनिकच्या ‘आन्टिटेआटर’ या नाटकमंडळीत आणि त्यातून सिनेमात त्या आल्या. फासबिंडरच्या वीसच्या आसपास कलाकृतींत त्या आहेत. त्या काळात त्याने त्यांना दिलेल्या त्रासाबद्दल त्या पुढे मुलाखतींतून उघडपणे बोलल्या. ते झाकायचं कारण नाही. पण त्यांच्यावर जे थोडंफार लिहिलं जातं ते तेवढ्यावरच संपतं, आणि पडद्यावर काय केलं ते बाजूलाच राहतं. हा दुसरा अन्याय आहे.

लेखात ‘खळबळजनक’ हा शब्द बऱ्याच वेळा आला आहे. पश्चिम जर्मनीत 1951 मध्ये ‘डी झ्युंडरिन’ म्हणजे ‘पापिणी’ या चित्रपटावरून गदारोळ झाला होता. हिल्डेगार्ड क्नेफचं काही सेकंदांचं नग्न दृश्य, शिवाय वेश्याव्यवसाय आणि आत्महत्येचा विषय यांमुळे चर्चने उघड विरोध केला. वीस वर्षांनी फासबिंडरने खळबळ माजवली ती वेगळ्या जागी: बैठकीची खोली, जेवणाचं टेबल, सोफा. युद्धानंतर झटपट सावरलेल्या, पडदे स्वच्छ आणि हिशेब चोख ठेवणाऱ्या घरात माणसं एकमेकांना कसं वापरतात, हा त्याचा विषय. त्या घराचा चेहरा म्हणजे इर्म हेरमान. शिगुलाकडे पाहताना प्रेक्षक स्वप्न पाहतो. हेरमान यांच्याकडे पाहताना त्याला शेजारीण आठवते, आणि म्हणून ते जास्त बोचतं.

‘काट्सेलमाखर’ (1969) हे दक्षिणेकडून आलेल्या परक्यांसाठी बव्हेरियात वापरली जाणारी शिवी शीर्षकात घेतलेलं चित्र. सुमारे 80 हजार मार्कांत, नऊ दिवसांत झालेलं. त्यात हेरमान एलिझाबेथ आहेत, ग्रीक मजुराला खोली भाड्याने देणारी. गल्लीतली बाकीची मंडळी त्याचा द्वेष करतात आणि ही त्याच्याकडून भाडं घेते. ती इतरांपेक्षा भली आहे की जास्त हिशेबी, हे हेरमान शेवटपर्यंत ठरवू देत नाहीत. वाक्य सपाट बोलायचं, शेवटी सूर खाली आणायचा नाही, पुढच्या वाक्याआधी अर्धा क्षण जास्त थांबायचं, ही त्यांची पद्धत इथे स्पष्ट दिसते. हौशी रंगमंचावर असं बोलायला गेलं तर ते पाठांतर वाटतं, कारण नट थांबताना रिकामा होतो. हेरमान थांबतात तेव्हा समोरच्याला मोजत असतात.

आमच्या मते त्यांचं सर्वांत मोठं काम मार्लेन नाही. ते आहे ‘हेंडलर देअर फिअर यारेसत्सायटेन’ मधली इर्मगार्ड. या शीर्षकाचं इंग्रजीवरून ‘चार ऋतूंचा व्यापारी’ असं भाषांतर आपल्याकडे केलं जातं, आणि वाचणाऱ्याला काहीतरी काव्यात्म वाटतं. मूळ फ्रेंच वाक्प्रचार आहे आणि त्याचा अर्थ फिरता भाजी-फळवाला. हान्स एप हा साधा हातगाडीवाला, चाळीसारख्या अंगणांत उभा राहून ओरडून फळं विकणारा. इर्मगार्ड त्याची बायको. हान्सचं काम करणारा हान्स हिर्शम्युलर बुटका आणि जाड, हेरमान उंच आणि किडकिडीत. दोघं शेजारी उभी राहिली की न बोलता संसार कळतो. दारू पिऊन आलेला हान्स लहान मुलीसमोर तिला मारतो, ते दृश्य फासबिंडरने आडपडदा न ठेवता घेतलं आहे. नंतर ती त्याच्या आईकडच्या लोकांत जाऊन बसते, घटस्फोटासाठी वकिलाला फोन करायला घेते आणि हान्सला तिथेच हृदयविकाराचा झटका येतो.

इथून पुढे एखाद्या कमी ताकदीच्या नटीने एकतर सोशिक पत्नी केली असती किंवा खलनायिका. हेरमान यांची इर्मगार्ड दोन्ही नाही. नवरा जड काम करू शकत नाही म्हणून गाडीवर माणूस ठेवायचा ठरतो, आणि जो माणूस येतो त्याच्याशी तिचा आधी एकदा संबंध आलेला असतो. तो राहणं धोक्याचं, म्हणून ती त्याला भाव चढवून विकायला लावते आणि नवऱ्याच्या नजरेत पकडवून घालवते. हे सगळं ती चेहऱ्याची रेषाही न हलवता करते, आणि तरी प्रेक्षकाला तिची भीती दिसते. धंदा वाढतो, हिशेब जुळतात, नवरा मात्र विझत जातो. अंत्यविधीनंतर गाडीत ती नवऱ्याच्या मित्रापुढे पुढच्या संसाराचा प्रस्ताव ठेवते तो भाजीचा भाव सांगावा तशा आवाजात. जर्मन चित्रपट पुरस्कारात 1972 मध्ये हिर्शम्युलर आणि हेरमान या दोघांनाही या कामासाठी गौरवलं गेलं. त्यानंतरही त्यांचं नाव लेखांतून गळतं, हे खटकतं.

‘आंगस्ट एसेन झेले आउफ’ (1974) आपल्याकडे बरंच दाखवलं जातं. त्यात हेरमान एमीची मुलगी क्रिस्टा आहेत आणि तिचा नवरा खुद्द फासबिंडर. साफसफाईचं काम करणारी वयस्कर एमी त्यांच्या घरी येऊन सांगते की ती तिच्याहून खूप लहान मोरोक्कन कामगाराच्या प्रेमात पडली आहे, आणि मुलगी-जावई हसतात. पुढे लग्नाची बातमी ऐकल्यावर कॅमेरा मुलांच्या चेहऱ्यांवरून संथपणे सरकतो आणि एक मुलगा लाथ घालून टीव्ही फोडतो. प्रेक्षकाला टीव्ही आठवतो. आमची विनंती, पुढच्या वेळी लाथेची वाट न पाहता क्रिस्टाचा चेहरा पाहावा. तिला राग येण्याच्या आधी लाज वाटते, शेजारपाजार काय म्हणेल याची, आणि हे सगळं कॅमेरा पुढे सरकेपर्यंतच्या चार-दोन क्षणांत.

1970च्या दशकाच्या मध्यानंतर त्या फासबिंडरच्या वर्तुळातून बाहेर पडून बर्लिनला आल्या, पुढे ‘बर्लिन अलेक्झांडरप्लाट्स’ (1980) मध्ये पुन्हा त्याच्यासाठी उभ्याही राहिल्या. हेर्झोगच्या ‘वॉयत्सेक’ (1979) मध्ये त्या आहेत, उल्रिके ओटिंगरच्या ‘योहाना दार्क ऑफ मंगोलिया’ (1989) मध्ये आहेत, क्रिस्टोफ श्लिंगेनझीफच्या चित्रांत आहेत, आणि लोरिओच्या ‘पापा आन्टे पोर्टास’ (1991) या निखळ विनोदी चित्रातही. तोच सपाट सूर विनोदाला किती चपखल बसतो ते तिथे कळतं. 26 मे 2020 रोजी बर्लिनमध्ये वयाच्या 77व्या वर्षी त्यांचं निधन झालं.

आता दाखवण्याबद्दल. पुण्या-मुंबईत फिल्म सोसायट्यांतून आणि मॅक्स म्युलर भवनातून जर्मन चित्रपट पाहण्याची जुनी सवय आहे. आज मात्र बहुतेक मंडळं डिस्क किंवा फाइलवरून साध्या प्रोजेक्टरने दाखवतात, आणि नेमकी मार्लेन त्यात हरवते. याची तीन कारणं आहेत.

पहिलं, चौकट. पेट्राचं चित्र रुंदी-उंचीच्या 1.37 : 1 या गुणोत्तरात आहे, जवळजवळ जुन्या टीव्हीसारखं. प्रोजेक्टर ‘फुल’वर ठेवला तर ते 16 : 9 मध्ये ताणलं जातं आणि माणसं सुमारे 30 टक्के रुंद दिसतात, किडकिडीत, ताठ मार्लेन मग ताठ राहतच नाही. ‘झूम’वर ठेवलं तर चित्राच्या उंचीचा 23 टक्के भाग कापला जातो. छायालेखक मिखाएल बालहाउस यांनी हा चित्रपट एकाच दालनात, खोलवर रचलेल्या चौकटींत घेतला आहे: पुढे पलंग, मध्ये पुतळे, मागे टेबलाशी मार्लेन, आणि भिंतभर फ्रेंच चित्रकार पूसँच्या ‘मायडास आणि बॅकस’ची मोठी प्रतिकृती. वर-खाली काप बसला की भिंतीवरच्या देहांची डोकी जातात, जमिनीवर बसलेल्या बायका अर्ध्या होतात आणि सबटायटलची खालची ओळही जाते. म्हणून मेन्यूत जाऊन ‘4 : 3’ किंवा ‘ओरिजिनल’ निवडावं. ‘ऑटो’वर विसंबू नये, काही फाइलींत गुणोत्तराची खूणच चुकीची असते. 12 फूट रुंद, 16 : 9 पडद्यावर उंची पावणेसात फूट येते, म्हणजे चित्र सव्वानऊ फूट रुंद आणि दोन्ही बाजूंना साधारण साडेसोळा इंच पट्टा रिकामा. तो पांढरा राहिला तर करडा उजेड पकडतो आणि लोक ‘पडदा पूर्ण भरा’ म्हणतात. दोन्ही बाजूंना काळं मांजरपाट टाचण्यांनी लावलं की तक्रार थांबते.

दुसरं, आवाज. मूळ ध्वनी मोनो आहे. अ‍ॅम्प्लिफायरवर ‘मूव्ही’, ‘सराउंड’ किंवा संवाद ठळक करणारी सोय चालू असेल तर यंत्र मानवी आवाज वर आणतं आणि बाकीचं दाबतं. म्हणजे नेमका टाइपरायटर दबतो. सगळ्या सोयी बंद करून साधा मोनो किंवा स्टिरिओ ठेवावा, आणि आवाजाची पातळी संवादावर न ठरवता टाइपरायटरच्या प्रसंगावर ठरवावी. शेवटच्या रांगेत कळा स्वच्छ ऐकू आल्या पाहिजेत.

तिसरं, सबटायटल, आणि यात मराठीला मोठी संधी आहे. वाचणाऱ्याची नजर खाली असते, मार्लेन वर मागे असते. बोलणाऱ्यांचा पाठलाग करण्यातच वेळ जातो. मराठी सबटायटल करताना संवाद निर्दयपणे आखडावेत: एका वेळी दोनच ओळी, ओळीत पस्तीस-चाळीस अक्षरांपेक्षा जास्त नाहीत, आणि शक्य तिथे एकच ओळ. देवनागरीत वर वेलांट्या आणि खाली उकार असल्याने दोन ओळींत अंतर जास्त लागतं. इंग्रजीचं मोजमाप तसंच ठेवलं तर मात्रा एकमेकांत घुसतात. टाइपरायटर थांबला की तशी नोंदही द्यावी.

जर्मनमध्ये ‘झी’ आणि ‘डू’, म्हणजे आपले ‘तुम्ही’ आणि ‘तू’. इंग्रजी सबटायटलमध्ये दोन्हींचा ‘यू’ होतो आणि सगळं सपाट होतं. पेट्रा आणि ती जिच्या प्रेमात पडते ती कारिन ‘तुम्ही’वरून ‘तू’वर येतात ती एक पायरी असते. मार्लेनला मात्र पेट्रा ‘तू’च म्हणते, आणि ते ‘तू’ जवळिकीचं नसून हुकमाचं आहे, शेवटच्या प्रसंगापर्यंत. मराठी भाषांतरकाराला हे आयतं मिळतं, इंग्रजीवरून भाषांतर केलं तर तेही जातं. तसंच ‘आंगस्ट एसेन झेले आउफ’चं. हे मोरोक्कन अलीचं मोडकं जर्मन आहे, क्रियापद चुकलेलं. इंग्रजी शीर्षकाने ते सुधारून टाकलं. मराठीत ‘भीती आत्मा खातात’ असं ठेवलं तर कानाला खटकेल, आणि खटकायलाच हवं.

शेवटचा मुद्दा दिव्यांचा. पेट्राच्या शेवटी प्लॅटर्सचं ‘द ग्रेट प्रिटेंडर’ सुरू होतं आणि मंडळांतला दिवेवाला नेहमी तिथेच हात बटणाकडे नेतो, कारण गाणं लागलं की चित्रपट संपला, अशी सवय. पण मार्लेनचं उत्तर तिथेच सुरू होतं. पेट्रा पलंगावर पडलेली असते. मार्लेन सुटकेस उघडते आणि आपल्या वस्तू एकेक करून भरते, पिस्तूल, बाहुली. घाई नाही, वळून पाहणं नाही, सकाळी पडदे उघडले त्याच हातांनी. मग ती जाते, आणि अंधार. दिवेवाल्याला आधीच सांगून ठेवावं: सुटकेस दिसली की बटणापासून दूर राहायचं, आणि पडदा पूर्ण काळा झाल्यावर मनातल्या मनात दहा मोजायचे.

आपले,
चित्रपट रसास्वाद वर्गातले काही जुने विद्यार्थी
पुणे